रिंकू राजगुरू: ‘सैराट’नंतरची वर्षं, आणि नागपुरातून हीच वाट धरू पाहणाऱ्या मुलींसाठी नेमकी माहिती

वर्धारोड

मार्च २०१६ मध्ये ६३ वे राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार जाहीर झाले, त्यात रिंकू राजगुरूचा विशेष उल्लेख झाला. तेव्हा ‘सैराट’ महाराष्ट्रात लागलासुद्धा नव्हता. फेब्रुवारीत बर्लिनच्या महोत्सवात दाखवला होता, थिएटरात आला २९ एप्रिलला. मुलीला पंधरावं पूर्ण व्हायचं होतं (जन्म ३ जून २००१, अकलूज). शंभर कोटींच्या बातम्या आणि दारापुढची गर्दी हे सगळं त्याच्या नंतरचं.

तेव्हापासून एक वाक्य सारखं कानावर येतं: "पोरगी चांगली होती, पण पुढे काही केलं नाही." मला ते मुळीच मान्य नाही. २०१७ मध्ये दहावी, आणि त्याच सुमारास तीच भूमिका कन्नडमध्ये, ‘मनसु मल्लिगे’. २०१९ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये बारावी, एप्रिलमध्ये ‘कागर’. २०२० मध्ये ‘हंड्रेड’ ही हिंदी वेब मालिका आणि ‘अनपॉज्ड’मधली एक गोष्ट. २०२२ मध्ये आपल्या नागपुरात चित्रित झालेला ‘झुंड’ आणि ‘आठवा रंग प्रेमाचा’. २०२३ मध्ये ‘झिम्मा २’. या तारखा ओळीने लावल्या की दिसतं, दोन्ही बोर्डाच्या परीक्षा पार पडल्या आणि कामही थांबलं नाही. माझ्या मते तिच्या कारकिर्दीतली सगळ्यात शहाणी गोष्ट हीच.

धागा काढायचं कारण: नागपुरात तेरा ते सतरा वयाच्या कितीतरी मुलींना कॅमेऱ्यासमोर काम करायचं आहे, आणि पालकांना पहिलं पाऊल कुठे टाकायचं ते कळत नाही. ऑडिशन, करार, शाळा, पैसे, सुरक्षितता, ज्याला जे पक्कं ठाऊक आहे ते लिहा. रिंकूच्या कामाबद्दल मतं असतील तीही येऊ द्या.

गांधीसागर

यादीत ‘२०० हल्ला हो’ राहिला की हो! ऑगस्ट २०२१, थेट ओटीटीवर आला. नागपूरकरांनी तो विसरून कसं चालेल? २००४ मध्ये कस्तुरबानगरच्या बायकांनी भर कोर्टात अक्कू यादव या गुंडाला मारलं, त्यावर बेतलेला आहे. समोर अमोल पालेकर. म्हणजे ‘झुंड’ धरून तिच्या दोन कामांचं मूळ आपल्याच शहरात आहे.

वर्धारोड

बरोबर, राहिलाच. धन्यवाद.

तिसरी घंटा

मूळ विधानाशी सहमत, पण कारण थोडं वेगळं.

आर्चीची भाषा, चाल, रागावायची पद्धत, तो ऊस आणि ती विहीर, हे सगळं करमाळा-अकलूजच्या पट्ट्यातलं आणि मुलगी तिथलीच. नागराज मंजुळे गावातली माणसं निवडतात आणि त्यांच्याकडून त्यांच्याच अंगातलं काढून घेतात. त्यामुळे पहिल्या सिनेमात नवख्या कलाकाराला फार उसनं आणावं लागत नाही. खरी कसोटी दुसऱ्या-तिसऱ्या कामात लागते. ‘हंड्रेड’मध्ये भाषा हिंदी, शहर मुंबई, बाज विनोदी आणि समोर लारा दत्ता. ‘झिम्मा २’मध्ये सुहास जोशी, निर्मिती सावंत, क्षिती जोग अशा मुरलेल्या बायकांच्या घोळक्यात उभं राहायचं, जिथे निम्मा वेळ आपल्याला वाक्यच नसतं, नुसतं ऐकायचं असतं. कॅमेऱ्यासमोर ऐकता येणं ही वेगळी कमाई आहे, ती एका सिनेमात होत नाही.

मुलींना शिकवायचंच असेल तर रडून दाखवणं बाजूला ठेवा, आधी कंटिन्युइटी शिकवा. एक साधा सराव सांगतो. चहाचा कप हातात, चार वाक्यांचा संवाद. कप कुठल्या शब्दावर उचलला, घोट कुठल्या शब्दानंतर घेतला, कप खाली ठेवताना कपाचा कान उजवीकडे होता की डावीकडे, हे ठरवायचं. मग तोच प्रसंग पाच वेळा, प्रत्येक वेळी तसाच. लांबचा शॉट, खांद्यावरून घेतलेला शॉट आणि क्लोजअप तासातासाच्या अंतराने होतात. कप एकदा "आई" वर उचलला आणि एकदा "नाही" वर, तर संकलकाला दोन शॉट जोडता येत नाहीत, आणि मग उत्तम अभिनय झालेला टेकसुद्धा बाद होतो. नवख्या मुलींचे चांगले क्षण कापले जातात त्यामागे बऱ्याचदा हेच कारण असतं.

तसंच मार्क. जमिनीवर चिकटपट्टीने टी काढलेला असतो, तिथे खाली न बघता थांबायचं. युक्ती अशी की मार्कवर उभं राहून तिथून उलट्या पावलांनी सुरुवातीच्या जागेपर्यंत जायचं आणि पावलं मोजायची. टेकला तेवढीच पावलं पुढे. एक वीत पुढे-मागे झालं तरी चेहरा फोकसबाहेर जातो.

महालकर

प्रतिसाद चांगला आहे, पण धागाकर्त्याचं मत मला भाबडं वाटतं. ‘सैराट’नंतर पुढचा मराठी सिनेमा यायला तीन वर्षं गेली. या धंद्यात तीन वर्षं फार झाली. लोक विसरतात, नवीन चेहरे येतात. परीक्षा पुढच्या वर्षीही देता आली असती.

कापूसकोंड्या

महालकर, कोणत्या हिशेबाने? चौदाव्या-पंधराव्या वर्षी मिळालेली लाट धरून लागोपाठ चार सिनेमे केले असते तर चारही आर्चीच असती. निर्माते यशस्वी भूमिकेचीच नक्कल मागतात. कन्नडमध्ये तर अक्षरशः तीच भूमिका होती.

महालकर

नक्कल मागतात हे मान्य. पण "नाही" म्हणायलाही समोर मागणी असावी लागते. झायरा वसीम बघा. रिंकूच्याच वयाची, ‘दंगल’ही २०१६ चाच. त्यासाठी सहाय्यक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार, लगेच २०१७ मध्ये ‘सिक्रेट सुपरस्टार’. तिने वेग धरला होता.

गांधीसागर

आणि जून २०१९ मध्ये तिने स्वतःहून हे क्षेत्र सोडल्याचं जाहीर केलं. तो तिचा निर्णय, त्याचा आदरच आहे. पण वेगाच्या बाजूने हे उदाहरण टिकत नाही.

अंबाझरी

दोन मुलींची अशी तुलना नको. पंधरा वर्षांच्या मुलीवर अचानक येणारी प्रसिद्धी प्रत्येकीला वेगळी झेपते. रिंकूने दहावी बाहेरून दिली, तिला ६६.४० टक्के मिळाले हे तेव्हा सगळ्या पेपरांत छापून आलं. बारावीला ८२ टक्के. जिच्या निकालाची बातमी राज्यभर होते त्या मुलीवर किती दडपण असेल याचा विचार करा. त्यात गुण वाढले, हे कौतुकाचंच आहे.

महालकर

हे मान्य. मागणीचा मुद्दा मात्र मी सोडत नाही.

दिवाणी दावा

कायद्याचं नीट लिहितो, कारण यात फार गोंधळ आहे.

वय १४ पूर्ण व्हायच्या आत मुलगी ‘बालकलाकार’ ठरते. बालकामगार कायद्यात २०१६ ची दुरुस्ती आणि त्याखालचे २०१७ चे नियम तिला लागू होतात. ज्या जिल्ह्यात चित्रीकरण आहे तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी निर्मात्याने घ्यायची असते. ती सहा महिन्यांपुरती असते. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही. सलग २७ दिवसांपेक्षा जास्त काम देता येत नाही. जास्तीत जास्त पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती सेटवर हवी. मिळकतीच्या किमान २० टक्के रक्कम राष्ट्रीयीकृत बँकेत मुलीच्या नावाने मुदत ठेवीत टाकायची, ती तिला सज्ञान झाल्यावर मिळते. आणि मुलीची स्वतःची संमती हवी. आईबापांची हौस म्हणून तिला उभं करता येत नाही.

१४ ते १८ या वयात हे नियम जसेच्या तसे लागत नाहीत. पालक नेमके इथेच फसतात. "आता ती मोठी झाली" म्हणून बारा तासांची शिफ्ट गृहीत धरली जाते. म्हणून या वयात कामाचे तास, रात्रीच्या चित्रीकरणाची मर्यादा आणि परीक्षेचे दिवस करारातच लिहून घ्यायचे.

करारावर सही पालकाची. १८ खालच्या व्यक्तीने केलेला करार भारतात मुळातच रद्दबातल असतो, १८७२ च्या करार कायद्याचा हा जुना सिद्धान्त आहे. मुलीकडून परस्पर सही घेणारा माणूस एकतर अडाणी असतो, नाहीतर लबाड.

वर्धारोड

करारात आणखी काय बघायचं?

दिवाणी दावा

चित्रीकरणाचे दिवस किती आणि त्यापुढच्या दर दिवसाचे पैसे किती. डबिंग आणि प्रसिद्धीचे दिवस त्यात धरलेत की वेगळे. प्रवास आणि राहणं दोघांचं, मुलगी आणि पालक, आणि खोली त्या दोघांसाठी स्वतंत्र. पैशाचे हप्ते कधी कधी. शेवटचा हप्ता डबिंगच्या आधी मिळेल असं लिहून घ्या. डबिंग झालं की कलाकाराच्या हातात काही उरत नाही आणि फोन उचलले जात नाहीत.

सगळ्यात सांभाळायचं कलम म्हणजे "पुढील तीन चित्रपट याच संस्थेसाठी" किंवा "इतरत्र काम करण्यास मनाई". नवीन मुलींना हे हमखास चिकटवतात. मनाई घालायचीच असेल तर ती त्याच सिनेमाच्या प्रदर्शनापर्यंत आणि तारखेसकट. तारीख नसलेली मनाई कधी संपतच नाही. हल्ली चेहरा आणि आवाज संगणकावर पुन्हा तयार करायचा हक्कही गुपचूप मागतात. तो त्या चित्रपटापुरता ठेवा, नाहीतर काढून टाका.

फुटाळा चौपाटी

वाचनखूण साठवली. दिवाणी दावा, तुमचा प्रतिसाद छापून शाळेच्या फलकावर लावायला हवा.

उजेड

ऑडिशनकडे वळू. आता पहिली फेरी जवळपास सगळीकडे सेल्फ टेपवर होते, म्हणजे घरून पाठवलेल्या व्हिडिओवर. त्यामुळे नागपूर असो की अंधेरी, सुरुवात सारखीच.

फोन आडवा, ट्रायपॉडवर, डोळ्यांच्या उंचीला. मुलीपासून पाच-सहा फूट. मागचा कॅमेरा वापरा आणि शक्य असेल तर दुप्पट झूमची लेन्स. रुंद लेन्स जवळून वापरली की नाक मोठं आणि कान मागे गेलेले दिसतात. चौकट डोक्याच्या वर चार बोटं ते छातीपर्यंत. मागे साधी भिंत, फिक्या निळ्या किंवा करड्या रंगाची असेल तर उत्तम. पांढऱ्याशुभ्र भिंतीपुढे चेहरा काळवंडतो. चेहऱ्यावर बोट दाबून ठेवून फोकस आणि उजेड बंदिस्त करा, नाहीतर वाक्याच्या मध्येच चित्र उजळतं आणि मंदावतं. फोन विमान मोडवर.

उजेड खिडकीचा, समोरून, किंचित बाजूने. ट्यूबलाइट डोक्यावर असेल तर डोळ्यांखाली खड्डे पडतात, बंद करा.

समोरची वाक्यं वाचणारी व्यक्ती लेन्सच्या अगदी शेजारी उभी हवी आणि तिने हळू बोलायचं, कारण फोन तिच्या जास्त जवळ असतो. बऱ्याच टेपांमध्ये दादाचा आवाज खणखणीत आणि पोरीचा आवाज विहिरीतून आल्यासारखा येतो. नजर वाचणाऱ्याच्या डोळ्यांत ठेवायची, लेन्समध्ये नाही. लेन्समध्ये फक्त ओळख करून देताना बघायचं: नाव, वय, उंची, शहर, येणाऱ्या भाषा, मग डावी बाजू, उजवी बाजू, दोन्ही हात पुढे-मागे. ही ओळख वेगळ्या फाइलमध्ये. फिल्टर नाही, ब्यूटी मोड नाही, लिपस्टिक नाही. निवडणाऱ्याला त्वचा जशी आहे तशी बघायची असते.

पाठवताना फाइलच्या नावात मुलीचं नाव, भूमिका आणि टेक क्रमांक. ड्राइव्हची लिंक देत असाल तर ती सगळ्यांना उघडता येईल अशी ठेवा. परवानगी मागणारी लिंक कोणी दुसऱ्यांदा उघडत नाही.

वऱ्हाडी ठेचा

आणि भाऊ, कूलर बंद करा! मे महिन्यात नागपुरातून गेलेल्या अर्ध्या टेपांत पोरगी कमी अन् कूलरच जास्त ऐकू येऊन राहिला असते.

उजेड

हा खरंच कामाचा मुद्दा आहे. कूलरचा आवाज नंतर काढायला गेलं की संवादाची धारही जाते. उन्हाळ्यात साडेसहा ते आठ ही वेळ धरा. पूर्वेच्या खिडकीतून मऊ उजेड मिळतो, भिंती अजून तापलेल्या नसतात आणि कूलरशिवाय वीस मिनिटं बसता येतं. खोली घुमत असेल तर फोनच्या मागे दोरीवर दोन गोधड्या टाका. कॉलरला लावायचा साधा माइक असेल तर तो कपड्याला घासत नाही ना, हे आधी तपासून घ्या.

सदर बाजार

मुंबईला कधी जायचं मग? पालक आधीच खोली भाड्याने घ्यायच्या गोष्टी करतात.

उजेड

टेप पसंत पडून प्रत्यक्ष बोलावलं तरच. तोवर नाही. रात्रीची दुरांतो सकाळी सीएसएमटीला पोचवते. तिथून लोकलने घाटकोपर, घाटकोपरहून मेट्रो १ ने वर्सोवा, शेवटचं स्थानक. आरामनगरात बऱ्याच ऑडिशन होतात, तिथून रिक्षाने जवळ. रात्रीच्या गाडीने परत. समृद्धी महामार्ग आता पूर्ण झालाय, पण ७०१ किलोमीटर गाडीत बसून आलेल्या मुलीचा चेहरा ऑडिशनला थकलेलाच दिसतो. झोप झालेली हवी, म्हणून रेल्वे.

लुटारूंपासून सावध

मला एकच सांगायचं आहे, पण ते सगळ्यात महत्त्वाचं.

ऑडिशनला पैसे लागत नाहीत. नोंदणी फी, कलाकार कार्ड, ‘लूक टेस्टचा खर्च’, ‘परत मिळणारी अनामत’, काहीही नाही. निर्माता कलाकाराला पैसे देतो. उलटी गंगा दिसली की तिथेच थांबा.

शहरातल्या हॉटेलच्या हॉलमध्ये ‘मेगा ऑडिशन’ होतात. बॅनरवर मोठ्या वाहिनीसारखं दिसणारं नाव, आत प्रत्येक मुलगी ‘निवडली’ जाते आणि पुढे पोर्टफोलिओचं पॅकेज गळ्यात पडतं. खऱ्या ऑडिशनमध्ये बहुतेकांना नकार मिळतो, हीच तिची खूण. महागडा पोर्टफोलिओ या वयात लागतच नाही. तीन-चार फोटो पुरे: समोरून हसरा, समोरून गंभीर, बाजूने, आणि पूर्ण उंचीचा. साध्या कपड्यांत, दिवसाउजेडी, फोनवर काढलेले.

कोऑर्डिनेटर काम मिळवून देतो आणि मिळालेल्या मानधनातून साधारण १० ते २० टक्के घेतो. काम मिळायच्या आधी तो पैसे मागत असेल तर तो कोऑर्डिनेटर नव्हे.

कापूसकोंड्या

+१. आणि ‘लूक टेस्ट’च्या नावाखाली मुलीला एकटीला खोलीत बोलावलं तर?

दिवाणी दावा

जायचंच नाही. १८ खालच्या मुलीबरोबर पालक प्रत्येक ठिकाणी, दाराच्या आत. पोहण्याच्या कपड्यांतले फोटो मागितले तर नकार द्या, आणि संदेश जपून ठेवा, पुसू नका. अल्पवयीन मुलीच्या बाबतीत हे थेट २०१२ च्या पॉक्सो कायद्यात (मुलांवरच्या लैंगिक गुन्ह्यांविरुद्धचा कायदा) जातं. चाइल्डलाइनचा क्रमांक १०९८.

सज्ञान मुलींसाठी २०१३ चा कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धचा कायदा सेटलाही लागू आहे. दहा किंवा जास्त माणसं काम करत असतील तिथे अंतर्गत समिती हवीच. घटनेपासून तीन महिन्यांत लेखी तक्रार. पहिल्या दिवशी प्रॉडक्शनकडे समितीवर कोण कोण आहे ते विचारून घ्या. विचारण्यात संकोच कसला? कॉल शीटवर (त्या दिवसाच्या चित्रीकरणाचं वेळापत्रक) डॉक्टरचा नंबर असतो, तसाच हाही असायला हवा.

सतरा नंबर

शाळेबद्दल कोणी नीट लिहिलं नाही अजून.

मुलगी नियमित शाळेत असेल आणि काम सुट्टीत बसत असेल, तर शाळा सोडू नका. हाच पहिला पर्याय. वर्षभराची मालिका आली तरच बाहेरून परीक्षेचा विचार करा.

राज्य मंडळाची दहावी बाहेरून द्यायची तर १७ नंबर फॉर्म. वय १४ पूर्ण आणि किमान पाचवी उत्तीर्ण हवी. अर्ज ऑनलाइन. शाळा सोडल्याचा मूळ दाखला, आधार, फोटो लागतात. मग निवडलेल्या संपर्क केंद्र शाळेत कागद जमा करायचे. मुदत पावसाळ्यातच असते, परीक्षा फेब्रुवारी-मार्चमध्ये. इथे घोटाळा होतो तो असा, की पालक दिवाळीनंतर जागे होतात आणि वर्ष जातं. दुसरा घोटाळा: बारावी बाहेरून विज्ञान शाखेत देता येत नाही. डॉक्टर-इंजिनिअरची वाट उघडी ठेवायची असेल तर अकरावीला हे आधी लक्षात घ्या.

राष्ट्रीय मुक्त विद्यालय हा दुसरा मार्ग. परीक्षा वर्षातून दोनदा, एप्रिल-मे आणि ऑक्टोबर-नोव्हेंबर. विषय तुकड्या-तुकड्यांनी देता येतात, पाच वर्षांत पूर्ण करायचे. चित्रीकरणाच्या तारखा अनिश्चित असतील तर हा सोयीचा.

महालकर, "परीक्षा पुढच्या वर्षीही देता आली असती" म्हणणं सोपं आहे. दहावी एकदा हुकली की पुढच्या वर्षी अभ्यासाची सवयही गेलेली असते.

महालकर

फॉर्मची मुदत पावसाळ्यात संपते हे माहीत नव्हतं. तुमचा मुद्दा बरोबर आहे, परीक्षा पुढे ढकलण्याबद्दलचं माझं वाक्य मागे घेतो.

वडसा लाइन

सगळे मुंबईचंच बोलून राहिले. झाडीपट्टी कोणाला आठवली नाही?

दिवाळी झाली की शिमग्यापर्यंत गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, गोंदिया या पट्ट्यात रोज कुठे ना कुठे नाटक असते. मंडळ्यांची ठाणी वडश्याला, देसाईगंजात. रात्री दहाच्या पुढे पडदा उघडतो आणि पहाटेपर्यंत चालतो. गाणी लाइव्ह, बाजूला पेटी-तबला. हजारो लोक मोकळ्या मैदानात बसलेले. शेवटच्या माणसाले शब्द गेला पाहिजे. एका हंगामात मुलगी इतक्यांदा उभी राहते की भीती नावाची गोष्ट राहत नाही. पाठांतर, गाणं, दम, सगळं होते. आणि पैसे मिळतात. सज्ञान मुलींसाठी सांगतो हो, शाळकरी पोरींना रात्रभर जागवणं बरोबर नाही.

तिसरी घंटा

झाडीपट्टीबद्दल पूर्ण आदर आहे. पण तिथून कॅमेऱ्याकडे येताना काय उतरवावं लागतं तेही सांगायला हवं. शेवटच्या रांगेसाठी भुवया वर जातात, मान प्रत्येक वाक्यावर हलते, श्वास मोठा होतो. क्लोजअपमध्ये हे सगळं दहापट दिसतं. उपाय साधा आहे. तोच संवाद तीन वेळा रेकॉर्ड करायचा: मैदानासाठी, खोलीसाठी, आणि हातभर अंतरावरच्या माणसासाठी. तिसरा टेक बघायचा. मान स्थिर, पापण्यांची उघडझाप कमी, आवाज बोलण्याचा. पंधरा दिवसांत फरक पडतो.

शाळकरी मुलींसाठी नागपुरात बालनाट्य आणि एकांकिका बऱ्या. थोडी मोठी झाल्यावर राज्य नाट्य स्पर्धेचं नागपूर केंद्र. पदवीनंतर पुण्याची एफटीआयआय (चित्रपट संस्था) किंवा दिल्लीची एनएसडी (राष्ट्रीय नाट्य विद्यालय). एनएसडीला पदवीसोबत किमान सहा नाटकांतला सहभाग मागतात. म्हणून प्रत्येक प्रयोगाची पत्रिका आणि प्रमाणपत्र आतापासून एका फाइलीत ठेवा.

वऱ्हाडी ठेचा

बोलीचं काय? आपल्या पोरी "पाणी"ले "पानी" म्हणतात अन् "डोळा"ले "डोया". मुंबईले हसतात.

तिसरी घंटा

हसू द्या. बोली पुसायची नाही, दुसरी जोडायची. रिंकूची भाषा ‘सैराट’मध्ये कोणी धुऊन काढली असती तर आर्ची उरलीच नसती. मुलीने रोज वीस मिनिटं वर्तमानपत्राचा अग्रलेख मोठ्याने वाचावा, ण आणि ळ वर पेन्सिलने खूण करून, आणि रेकॉर्ड करून ऐकावं. मग तोच मजकूर घरच्या बोलीत सांगावा. दोन्हींत ये-जा करता आली की भूमिका दुप्पट होतात. ‘झुंड’मध्ये अंकुश गेडामसारख्या नागपूरच्या पोरांना घेतलं ते त्यांच्या बोलण्या-चालण्यासाठीच.

गांधीसागर

अवांतर: ‘झुंड’मधली रिंकूची भूमिका छोटी आहे, पण माझ्या मते तिच्या उत्तम कामांपैकी. हिस्लॉप कॉलेजच्या विजय बारसे सरांनी झोपडपट्टीतल्या मुलांना फुटबॉल शिकवला, त्यावरचा हा सिनेमा. त्यात तिची मोनिका पासपोर्टसाठी लागणारा ओळखीचा कागद मिळवायला बापाबरोबर हेलपाटे घालते. एवढी प्रसिद्ध अभिनेत्री गर्दीतली एक होऊन उभी राहते, आणि तरी तिचा धागा लक्षात राहतो. पुढे काही केलं नाही म्हणणाऱ्यांनी तेवढाच भाग पुन्हा बघावा.

महालकर

तो भाग पाहिलाय, आणि तिथे ती फार चांगली आहे. नाकारत नाही.

हिशेबनीस

पैशाचं थोडक्यात. पहिल्या कामाआधी मुलीचं पॅन कार्ड काढा, अल्पवयीन असली तरी पालकामार्फत निघतं. निर्माता मानधनातून १० टक्के टीडीएस कापतो. पॅन नसेल तर २० टक्के जातात. वर्षअखेरीला २६एएस (कापलेल्या कराची नोंद दाखवणारं आयकर खात्याचं पत्रक) उघडून कापलेली रक्कम खरंच भरली गेली का ते बघा. बऱ्याच पालकांना कापलेले पैसे परत मिळू शकतात हेच माहीत नसतं, विवरणपत्र भरलंच जात नाही.

अल्पवयीन मुलांचं व्याजासारखं उत्पन्न पालकाच्या उत्पन्नात मिळवलं जातं, पण स्वतःच्या कलेतून मिळवलेलं मानधन मिळवलं जात नाही. ते मुलीचंच. म्हणून खातं तिच्या नावाने वेगळं ठेवा, घरखर्चात मिसळू नका. मालिकांमध्ये पैसे बहुतेकदा काम झाल्यावर ९० दिवसांनी येतात. तोवरचा प्रवासखर्च कुठून करायचा हे आधी ठरवा. दर महिन्याला कामाचे दिवस लिहून प्रॉडक्शनला बिल पाठवा आणि पोच घ्या. पोच नसलेल्या बिलाचा वाद जिंकणं कठीण.

बर्डी

सगळं वाचलं. आता अगदी साधा प्रश्न. मुलगी पंधराची, दहावीत. इन्स्टाग्रामवर संदेश आलाय: मालिकेसाठी निवड झाली आहे, जानेवारीत मुंबईला या, सोबत काही फोटो आणा. काय करायचं?

लुटारूंपासून सावध

ऑडिशन न घेता निवड होत नाही. पहिली शंका इथेच.

उजेड

उत्तर पालकांच्या खात्यावरून द्या, मुलीच्या नाही. निर्मिती संस्थेचं नाव, मालिकेचं नाव, कास्टिंग डायरेक्टरचं नाव आणि संस्थेच्या पत्त्यावरून ईमेल मागा. मग त्या संस्थेचा क्रमांक तुम्ही स्वतः शोधा आणि तिथे फोन करून विचारा, हा माणूस तुमचा आहे का. संदेशात दिलेल्या क्रमांकावर नको. खरं असेल तर संवादाचं पान मागा आणि घरून टेप पाठवतो म्हणून सांगा. खऱ्या लोकांना यात अडचण नसते.

दिवाणी दावा

आणि दिवसाचे तास, पालक सोबत, फेब्रुवारी-मार्चच्या तारखा मोकळ्या, हे तीन मुद्दे पहिल्याच ईमेलमध्ये लिहा.

सतरा नंबर

जानेवारी म्हणजे पूर्वपरीक्षा, त्यानंतर तोंडी आणि प्रात्यक्षिकं. शाळेकडून लेखी वेळापत्रक घेऊन त्याचा फोटो ईमेलला जोडा. बोर्डाच्या तारखा पुढेमागे होत नाहीत हे प्रॉडक्शनवाल्यांनाही ठाऊक असतं. त्यांना मुलगी खरंच हवी असेल तर एप्रिलपासूनच्या तारखा विचारतील.

बर्डी

आज रात्रीच ईमेल टाकतो. उत्तर आलं की इथे लिहीन.